देवाजीच्या घरचे दोन कप

देवाजी गेल्याची बातमी मला मोहाडीच्या बाजारात एका ओळखीच्या भाजीवाल्याने दिली. पिशवी तिथंच विसरून मी घरी आलो. वाईट वाटण्याआधी मला क्षणभर हायसं वाटलं होतं. दीड महिना ही गोष्ट मनात ठेवली... आता सांगतो.

देवाजी मोहाडीचा विणकर. त्याने धाग्याला मारलेली गाठ डोळ्यांना दिसायची नाही, चाचपून शोधावी लागायची. सत्तरच्या दशकाच्या शेवटी नाकाडोंगरीच्या जंगलातल्या टेकड्यांवर विजेचे मनोरे उभारायला एका ठेकेदाराने हेलिकॉप्टर आणलं. दोर बांधायला त्याने देवाजीला घेतलं आणि वैमानिकाला इशारे करायला मला. ते अवजड धूड मूळचं लष्करातलं. वरून नारिंगी रंग दिला होता, पण पोपडा निघाला की खालचा हिरवा डोकावायचा. बंदुकांच्या जागा पत्रे मारून बुजवल्या होत्या. ते डोक्यावर आलं की बोलणं खुंटायचं, सगळी भिस्त हातांवर. मी हात वर केला की वैमानिक ओझं उचलणार, एवढंच आमचं शास्त्र.

त्या दिवशी देवाजी वाकून दोर अडकवत होता. पात्यांच्या वाऱ्याने माझं हेल्मेट उडालं आणि ते धरायला माझा हात वर गेला. हेल्मेट हाती लागलं. देवाजी मात्र मनगटाला गुंडाळलेल्या दोरासकट झाडांच्या शेंड्यांवरून निघाला... ओरडत असणार, पण ऐकू येत नव्हतं. पलीकडच्या बोडीच्या, म्हणजे लहान तळ्याच्या, चिखलात त्याला टेकवलं तेव्हा जीव होता. उजव्या हाताची दोन बोटं गेली आणि हातमाग कायमचा सुटला.

दवाखान्यात त्याने विचारलं, "शंकर, हात काहून वर केला बे तुनं?"

"म्या नाही केला," मी म्हणालो. भेकड होतो, दुसरं काही नाही.

छताकडे पाहत तो म्हणाला, "तू माह्यासंगं खोटं नाही बोलनार. वर जाताना मले तं दोघं दिसले. तुह्या बाजूनं कोन उभा होता?"

होता कोणीतरी, अशी मी मान हलवली. तेवढ्यानं त्या माणसाला जन्म दिला.

पुढे दहाएक वर्षं मी त्याच्याकडे गेलो की तो माझ्या खांद्याच्या पलीकडे पाही आणि बायकोला हाक मारी, "दोन कप आन वं, दोघं आले." मी हसून पाहिलं, तो हसला नाही. दुसरा कप निवला की तो स्वतः उठून कडुनिंबाच्या बुडाशी ओते. हळूहळू मीही दारातून शिरताना जरा सरकून, बाजूला जागा ठेवून शिरायला लागलो. एकदा त्याने हळूच विचारलं, "तो बोलते काय तुह्यासंगं?"

"नाही."

"बोलला तं सांगजो त्याले, म्या राग नाही धरला."

तेव्हाच पाय धरायला हवे होते. मी चहा पीत बसलो.

तेरावं झाल्यावर गेलो, तर वहिनींनी सवयीनं दोन कप आणले. माझ्याच्यानं राहवलं नाही. "वहिनी, बाजूनं कोनीच नोतं. तो हात माहाच होता."

त्या रडल्या नाहीत, चिडल्याही नाहीत. ताट हातात तसंच धरून म्हणाल्या, "मंग भाऊजी, इतके वर्स हा चहा कोनाले देऊन राहिलो आमी?"

मी दुसरा कप उचलला आणि शेवटच्या घोटापर्यंत प्यालो. कप खाली ठेवला तेव्हाही वहिनी माझ्याकडे नाही, माझ्या बाजूच्या रिकाम्या जागेकडेच पाहत होत्या.