घाई नसलेला नायक

कोरियन मालिकेतला नायक भारी वेळखाऊ. नायिकेचा हात धरायला त्याला आठ भाग लागतात. माझं लग्न चहा निवायच्या आत ठरलं होतं, त्यामुळे सुरुवातीला मला त्याचा रागच यायचा. "याचं घोडं कुठं पेंड खातंय?" मी विचारायची.

"घाई नाय गं त्याला. आधी नीट बघतो तिच्याकडं," मोठ्या जाऊबाई म्हणायच्या.

नाशिकला लागूनच आमचा गुलाबाचा मळा आहे. जेवणं उरकली की आम्ही दोघी शेडमध्ये फुलांच्या जुड्या बांधायला बसायचो. समोर टोपलीला टेकवलेला मोबाइल, त्यात हिंदी बोलणारा कोरियन नायक. तो तिच्या बुटाची नाडी बांधायचा, छत्री तिच्याकडं कलती धरायचा. थोरले दीर जाऊन तेव्हा सहा वर्षं झाली होती. जाऊबाई तेवढा तुकडा मागं नेऊन पुन्हा पाहायच्या.

आमची फुलं बाजारात नेणारा पिकअपवाला विधुर होता. एकदा त्यानं जाऊबाईंची काट्यांनी सोललेली बोटं पाहिली आणि दुसऱ्या दिवशी रबरी हातमोजे आणून दिले. चार महिन्यांनी त्याच्या बहिणीनं जाऊबाईंना लग्नाचं विचारलं.

त्या दुपारी त्यांनी मालिका मध्येच थांबवली. "आत्याबाईंशी तू बोलशील का गं? माझी जीभ नाय रेटत." सासूबाई माझं ऐकायच्या, हे आम्हा दोघींना ठाऊक होतं.

मी म्हणाले, "ताई, हे मालिकेतच शोभतं. चाळिशी आली तुमची. लोक काय म्हणतील?"

"खरं हाय," म्हणाल्या आणि मालिका पुढं सुरू केली.

लोकांची मला काडीची पर्वा नव्हती. त्या गेल्या तर सकाळची तोडणी आणि एवढ्या जुड्या माझ्या एकटीच्या गळ्यात पडतील, एवढंच मनात होतं. दिवाळीनंतर पिकअपवाल्यानं दुसरीकडं लग्न केलं आणि आमच्याकडं येणं बंद केलं. हातमोजे शेडमधल्या खिळ्याला लटकत राहिले. जाऊबाईंनी ते पुन्हा घातले नाहीत.

परवा जुड्या बांधताना मला राहवलं नाही. "ताई, तेव्हा मी बोलायला हवं होतं. लोकांचं काही नव्हतंच."

त्यांनी बोटातला काटा दातांनी उपसला. "मला तवाच कळलं होतं. एवढ्या जुड्या एकटीला नाय उरकत."

भांडल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. त्यांनी मोबाइल थोडा माझ्याकडं वळवला, मला नीट दिसावं म्हणून.