डावीकडे पन्नास

जेवून पडवीत आडवा होतो. डोळा लागतो न लागतो तोच उशाशी कोणीतरी सुपात डाळ निवडतंय. आई! जाऊन अकरा वर्षं झाली, पण खडा सापडला की फेकणं तेच, चिडून.

"झोपतो काय रं मुडद्या भरदुपारी?"

"रिटायर झालोय, आई."

पडवी आमच्या पुनर्वसनातल्या घराची, भिंत मात्र खडकेमाळच्या घराची, पांढऱ्या मातीनं सारवलेली. लष्करानं तोफांच्या सरावासाठी, फायरिंग रेंज म्हणून, खडकेमाळ घेतलं तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो. चाळीस वर्षं झाली, तरी इथले लोक आम्हाला 'रेंजवाले' म्हणतात, च्यायला! आणि स्वतःच्या गावात जायचं तर देवीच्या जत्रेला एका दिवसाचा पास, तोही मिळाला तर.

"मरस्तोवर पास मागत राह्यले," आई म्हणते. "घर उभं हाय का, तेवढंच बघायचं व्हतं. तू म्हनला, पावसात पडलं."

उठून बसतो तर पडवी नाही, टेकडी आहे. माझ्या अंगावर वर्दी, गळ्यात दुर्बीण. गोळा कुठं पडतो ते बघून तोफांना नेम सांगायचा, हे माझं काम. आई शेजारी सूप घेऊन तशीच बसलेली. खाली आमचं घर. नकाशात त्याला टार्गेट सात म्हणतात.

"पावसात व्हय?" ती विचारते.

"हुकूम होता, आई! मी नसतो तर दुसऱ्यानं..."

"पयला गोळा कुठं पडला?"

"ओढ्यात."

"म्हंजी हुकला व्हता."

मी दुर्बीण खाली करतो.

"मंग वायरलेसवर काय बोलला?"

माझंच तोंड मला न विचारता बोलतं, "डावीकडे पन्नास."

भिंत खाली बसते. आवाजसुद्धा होत नाही. माझं डोकं फिरतं. त्या नकाशावर, त्या हुकुमावर, 'इतका अचूक नेम कसा रे?' म्हणत पाठ थोपटणाऱ्या साहेबावर. मी ओरडतो, "सरकारला विचार की! मलाच का?"

"सरकार माझ्या पोटी नव्हतं आलं," ती म्हणते आणि कान धरून असा पिळते, की मी किंचाळतो.

जागा होतो. दारात माझी बायको, हौसा. तीही खडकेमाळचीच. आमच्या भिंतीला भिंत लावून तिचं माहेर होतं.

"अगं बाई, कान केवढा लाल झालाय! काय चावलं का हो?"

हात लावून बघतो. कान गरम, पाळीमागे नखाची खूण, ओली.

"हौसा, बस जरा," मी म्हणतो. "तुमचं घर कोणी पाडलं ते सांगतो."