दोन मिनिटं वीस पूर्णांक चार

चाकणच्या एका कंपनीत मी मोजमापाची उपकरणं तपासते. मायक्रोमीटर, डायल गेज, वजनकाटे, पोलादी टेप. बाकीचे लोक ज्यानं वस्तू मोजतात ते उपकरणच बरोबर आहे का, हे पाहायचं आणि सही करायची. या कामामुळे माणूस थोडा रुक्ष होतो असं माझा नवरा म्हणतो. असेल.

रविवारी मी शर्यतींना घड्याळ धरते. ही सवय मात्र जुनी. वडील पिंपरीत कारखान्यात होते, आम्ही कामगारांच्या वस्तीत राहायचो. जयंतीला वस्तीत पोरापोरींच्या शर्यती व्हायच्या. त्यात मी एकदा सगळ्यांच्या पुढे आले आणि शाळेतल्या पीटीच्या सरांनी मला मैदानावर ओढलं. जिल्ह्यापर्यंत धावले, पुढे काही झालं नाही. सर म्हणाले, "धावायचं संपलं तर घड्याळ धर. मैदान सोडू नको." मी पंचांची परीक्षा दिली आणि मैदान सोडलं नाही.

सर निवृत्त होऊन राजगुरुनगरजवळच्या त्यांच्या गावी राहायला गेले, तरी शनिवार-रविवारी पहाटेच्या बसनं चिंचवडच्या मैदानावर यायचे. तिथेच ती मुलगी त्यांना सापडली. उंच, काळीभोर, आकुर्डीच्या एका कॉलेजात बी. कॉम. करणारी. आफ्रिकेतल्या एका नव्या देशातून शिष्यवृत्तीवर आलेली. ती एकटीच फेऱ्या मारत होती. सरांनी तिला थांबवून मोडक्या हिंदीत सांगितलं की तुझा डावा हात छातीला आडवा जातो. दुसऱ्या दिवसापासून ती सरांची झाली.

माझी ओळख झाली तेव्हा मी तिच्या देशाचं नाव पहिल्यांदा ऐकलं. हे मी तिला सांगितलंही. तिला त्याचं काही वाटलं नाही. "बरोबर आहे ताई," ती म्हणाली, "मी जन्मले तेव्हा तो नव्हता." ती इंग्रजी आणि हिंदी मिसळून बोलायची, मध्येच 'बास' आणि 'चल' हे दोन मराठी शब्द. मी मनात हिशेब केला. आमच्या कंपनीची इमारत तिच्या देशापेक्षा चार वर्षांनी मोठी होती.

तिला जगातल्या सगळ्या देशांच्या त्या मोठ्या खेळांत धावायचं होतं, स्वतःच्या देशाचा बनियन घालून. त्यात अडचण अशी की तिच्या देशाला तिथे जाताच येत नव्हतं. ती मला मैदानाच्या पायऱ्यांवर बसून समजावून सांगायची. देशाला आधी स्वतःची ऑलिंपिक समिती लागते. समितीला मान्यता मिळायची तर निदान पाच खेळांच्या संघटना लागतात, आणि त्या संघटनांना त्या त्या खेळाच्या जागतिक संघटनेनं मानलेलं असावं लागतं. तिच्या देशाला झेंडा होता, राष्ट्रगीत होतं, संसद होती. हँडबॉलची संघटना नव्हती.

जगभर विखुरलेली त्यांची मुलं या कामाला लागली होती. कोण काय खेळतं याची यादी फोनवर फिरत होती. तिच्या वर्गातला एक जण शाळेत हँडबॉल खेळला होता, तो थेट हँडबॉलचा सहसचिव झाला. तिला हसू यायचं. "ताई, त्याला एक गोल मारता येत नाही," ती म्हणायची. पण पत्रं तोच लिहायचा आणि ती पत्रं जायची.

ॲथलेटिक्सची संघटना सगळ्यात आधी उभी राहिली. शेजारच्या देशात त्यांनी सरावाचं शिबिर ठरवलं. महिलांच्या आठशे मीटरसाठी अट होती: दोन मिनिटं वीस सेकंदांच्या आत धावलेली वेळ, तीही सरावातली नाही, अधिकृत शर्यतीतली, पंचांच्या सह्यांनिशी. महिनाअखेरपर्यंत. तिच्या हातात एकच शर्यत होती, आमची तालुक्यांची स्पर्धा. परदेशी म्हणून तिला पदक मिळणार नव्हतं, पण धावता येणार होतं.

सरांनी मला सांगितलं, "पळायचा पट्टा एकदा मोजून घे. उद्या कोण म्हणायला नको, मातीचं मैदान हाय म्हणून."

मी कंपनीतून परवानगी काढून तपासलेली पन्नास मीटरची पोलादी टेप आणली. आतल्या चुन्याच्या रेषेपासून वीस सेंटिमीटर बाहेरून मोजायचं असतं. मी, ती आणि सर, तिघं सकाळपासून वाकलो होतो. वळणावर एकेक मीटरला खूण करत दुपार झाली. फेरी चारशे मीटरला एक मीटर ऐंशी सेंटिमीटर कमी भरली. दरवर्षी चुना टाकणारा माणूस थोडा थोडा आत सरकत गेला असणार. म्हणजे इथे पंधरा-वीस वर्षं जे जे धावले, त्या सगळ्यांच्या वेळा खोट्या होत्या. माझ्याही. सर खाली मातीतच बसले.

दोन फेऱ्यांना तीन मीटर साठ. मी सुरुवातीची रेषा तेवढी मागे घेतली, मोजणीचा कागद केला, आकृती काढली, टेपच्या तपासणीचा क्रमांक लिहिला आणि सही केली. ती शेजारी उभी राहून बघत होती.

"तीन मीटर साठ म्हणजे किती वेळ?" तिनं विचारलं.

"तुझ्या वेगाला साधारण सहा दशांश सेकंद."

"म्हणजे मी कालपेक्षा आज हळू झाले."

"तू तेवढीच आहेस," मी म्हटलं. तिला ते पटलं नाही, हे तिच्या चेहऱ्यावरून कळलं.

शर्यतीच्या दिवशी वारा नव्हता. आठ मुली होत्या. पहिल्या फेरीत ती खेडच्या एका पोरीच्या मागे राहिली, दुसऱ्या फेरीच्या वळणावर सुटली आणि शेवटचे दोनशे मीटर एकटीच होती. पहिल्या नंबराला आम्ही तीन पंच घड्याळ लावतो आणि मधली वेळ धरतो. माझं घड्याळ दोन वीस आणि अडतीस शतांश दाखवत होतं. एकाचं एकतीस, दुसऱ्याचं चव्वेचाळीस. मधली वेळ माझीच. हाताच्या घड्याळाची वेळ पुढच्या दशांशावर न्यायची असते. दोन मिनिटं वीस पूर्णांक चार.

ती गुडघ्यांवर हात ठेवून आमच्याकडे बघत होती. सर टेबलाशी आले. त्यांनी कागद बघितला आणि मला जरा बाजूला घेतलं.

"एकोणीस पॉइंट नऊ लिव."

"सर?"

"अर्ध्या सेकंदाची तर बात हाय. तुझा अंगठा तरी तेवढा मागंपुढं हुतोच की न्हाई? तिघंबी आपलीच माणसं हायेत. कुणाचं काय बिघडतंय? पोरगी सुटंल."

सरांनी मला आयुष्यात कधी खोटं काही करायला सांगितलं नव्हतं. ते सांगत होते त्यात त्यांचा स्वतःचा काडीचा फायदा नव्हता. उलट ती गेली असती तर त्यांची चांगली शिष्या गेली असती. मी त्यांच्या तोंडाकडे न बघता म्हटलं, "नाही लिहिता येणार मला."

"न्हाई लिवता येणार का लिवायचं न्हाई?"

"लिहायचं नाही."

मी वीस पूर्णांक चार लिहिलं, दोघांच्या सह्या घेतल्या, माझी केली. तोवर ती जवळ आली होती. तिला मराठी येत नव्हती, पण काय चाललंय हे कळायला मराठी यायची गरज नव्हती. तिनं कागद वाचला, बूट बदलले, सरांच्या पाया पडली आणि निघून गेली. माझ्याशी बोलली नाही.

मला त्या दिवशी फार चांगलं काही केल्यासारखं वाटलं नाही. घरी येऊन भाकरी केल्या. नवऱ्यानं विचारलं तेव्हा सगळं सांगितलं. तो म्हणाला, "बरोबर केलंस," आणि थोड्या वेळानं, "पण मी असतो तर लिहून टाकलं असतं." मलाही मधूनमधून तसंच वाटत राहिलं.

शिबिराला ती गेली नाही. महिनाभर मैदानावरही आली नाही. सर यायचे, माझ्याशी कामापुरतं बोलायचे.

मग एका रविवारी ती आमच्या घरी आली. सोसायटीच्या वॉचमननं खालून फोन करून विचारलं, सोडू का? ती दारातच म्हणाली, "ताई, पट्टा मोजलेला कागद आहे ना तुझ्याकडे?"

झालं होतं असं की पाच संघटना पुऱ्या झाल्या होत्या आणि समितीला मान्यता मिळाली होती. आता ॲथलेटिक्सच्या संघटनेला देशाच्या विक्रमांची यादी करायची होती, कारण प्रत्येक देशाची असते. त्यांनी सगळ्यांकडून कागद मागवले. महिलांच्या आठशे मीटरसाठी सात जणींच्या वेळा आल्या, त्यातल्या पाच तिच्यापेक्षा चांगल्या होत्या. पण कुणाकडे पंचांच्या सह्या नव्हत्या, कुणाकडे पट्ट्याची मोजणी नव्हती, शिबिरातल्या वेळा सरावातल्या होत्या. पुरे कागद फक्त एकीचे होते.

मी कागद दिले, प्रतीही काढून दिल्या. तीन आठवड्यांनी तिनं फोनवर यादी दाखवली. धावण्याच्या बहुतेक रकान्यांत रेघ होती. आठशे मीटर महिला या ओळीत तिचं नाव, वेळ आणि पुढे गावाचं नाव. चिंचवडचं स्पेलिंग चुकलं होतं.

"म्हणजे आता तूच तुमच्या देशात सगळ्यात वेगवान," मी म्हटलं.

"नाही ताई. शिबिरात एक आहे, ती माझ्यापेक्षा खूप वेगवान आहे. मी फक्त कागदावर आहे." तिच्या बोलण्यात कडवटपणा नव्हता. असलाच तर मला ओळखता आला नाही.

तिच्या देशाचे तीन जण त्या खेळांना गेले. नव्या आणि लहान देशांना अट पुरी न करताही एखादी जागा देतात, तशी एक जागा त्या शिबिरातल्या मुलीला मिळाली. आठशे मीटरची पहिली फेरी आमच्याकडे संध्याकाळी दिसणार होती. मी तिला आणि सरांना घरी बोलावलं. सर आले हेच मला विशेष वाटलं. ते सोफ्यावर न बसता खुर्ची ओढून टीव्हीच्या अगदी जवळ बसले.

त्या मुलीचं नाव आणि देश पडद्यावर आला तेव्हा ही उठून उभी राहिली. आपण राष्ट्रगीताला राहतो तशी. मग मला आणि माझ्या नवऱ्यालाही बसून राहणं बरं दिसेना, आम्हीही उभे राहिलो. कॅमेरा त्या मुलीवर दोन-तीन सेकंद थांबला असेल. तिनं छातीवरच्या झेंड्यावर हात ठेवला आणि पुढे कुणाकडे बघितलं नाही.

पहिल्या दीडशे मीटरलाच ती मागे पडली. घंटा वाजली तेव्हा चाळीस मीटर मागे होती. पुढच्या मुली पोहोचल्या तेव्हा कॅमेरा त्यांच्याकडेच राहिला आणि ही ओरडायला लागली, "दाखवा ना, दाखवा, ती अजून धावतेय!" शेवटी कोपऱ्यातून ती आली. निकाल लागला: शेवटचा नंबर, दोन मिनिटं सोळा पूर्णांक काहीतरी. नावापुढे दोन इंग्रजी अक्षरं होती. राष्ट्रीय विक्रम.

सरांच्या लक्षात आलं नाही. माझ्या आलं. मी तिच्याकडे बघितलं. ती हसत होती आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि यातलं कुठलं कशासाठी होतं ते मला विचारावंसं वाटलं नाही.

"माझा गेला," ती म्हणाली.

"काय गेला?" सरांनी विचारलं. मी सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "शेवटची आली आन् विक्रम?"

"व्हय सर," ती म्हणाली. हा शब्द तिनं त्यांच्याकडूनच उचलला होता. आम्ही सगळेच हसलो.

मी पोहे आणायला आत गेले. सर पाठोपाठ आले. ओट्याला टेकून म्हणाले, "तवा तू लिवलं असतंस तर शिबिराला गेली असती. तिथं तयारी झाली असती. आज ही पळाली असती तिथं."

"कदाचित," मी म्हटलं.

"तुला वाटत न्हाई?"

"वाटतं. पण ठाऊक नाही."

त्यांनी दोन बशा उचलल्या आणि बाहेर घेऊन गेले. त्या दिवसानंतर आमचं बोलणं पूर्वीसारखं झालं, पण हा विषय त्यांनी सोडला नाही. अजून वर्षातून एकदा तरी काढतात. मीही तेच उत्तर देते.

तिनं बी. कॉम. पूर्ण केलं आणि परत गेली. जाताना विमानतळावर सोडायला मी आणि सर गेलो होतो. तिच्या सामानात सरांनी दिलेला शेंगदाण्याच्या चटणीचा डबा होता आणि तपासणीत तो उघडावा लागेल की काय याचीच तिला काळजी. आता ती तिथल्या एका शाळेत हिशेब शिकवते आणि सुट्टीच्या दिवशी पोरींना धावायला नेते. तिच्या शहरात मैदान आहे, पट्टा अजून नाही. मागच्या महिन्यात एका रविवारी मी आणि सर मैदानावर असताना तिचा फोन आला होता. तिच्याकडची एक तेरा वर्षांची मुलगी फार छान धावते, पण तिची आई तिला पाठवायला तयार नाही. आईला काय सांगू, असं ती विचारत होती. मी म्हटलं, सरांना विचार, ते अशा आयांशी चाळीस वर्षं बोलले आहेत. मी फोन सरांकडे दिला. ते मोडक्या हिंदीत बराच वेळ बोलत होते.