दोन वादी, एक वकीलपत्र

हिंगोली जिल्हा नुकताच झाला होता आणि मी तिथल्या कोर्टात वकिली सुरू करून दोन वर्षंही झाली नव्हती. आमचे सर जुने दिवाणी वकील. बायकांचं काम आलं की ते माझ्याकडे देत. त्या दोघींचं कामही असंच माझ्याकडे आलं.

साखऱ्याकडच्या एका वस्तीवरून जीपनं त्या आल्या होत्या. एकाच नवऱ्याच्या दोन विधवा. थोरली पन्नाशीची, तिला मूल नव्हतं. धाकटी तिशीतली, तिच्या मांडीवर सहा वर्षांची मुलगी. नवरा वारल्यावर दिरानं तलाठ्याकडे अर्ज करून सगळी जमीन स्वतःच्या नावावर चढवून घेतली होती. ही जमीन नवऱ्यानं स्वतः विकत घेतलेली, खरेदीखतही थोरलीनं पिशवीतून काढून दाखवलं.

"आमी दोघी एकाच चुलीवर खातो, वकीलबाई," थोरली म्हणाली. "आमचं काम बी एकच."

मी तेच धरून चालले. थोरली वादी क्रमांक एक, धाकटी दोन, मुलगी तीन. आणि तिघींचं मिळून एकच वकीलपत्र. दोघींचे अंगठे एकाखाली एक उमटले. सरांनी दावा वरवर वाचला आणि सही केली. दुसरं लग्न कधी झालं, पहिलीचा काडीमोड झाला होता का, हे मी विचारलंच नाही. त्या इतक्या जवळ बसल्या होत्या की असलं विचारणं मला अवघड वाटलं.

दिराची कैफियत, म्हणजे दाव्याला त्याचं लेखी उत्तर, आली. त्यानं लिहिलं होतं, धाकटी लग्नाची बायकोच नाही आणि मुलगी भावाची नाही. मुलीबद्दलचं खोटं पाडता आलं असतं. पण पहिलं वाक्य? पहिली बायको हयात असताना केलेलं दुसरं लग्न कायदा मानत नाही. म्हणजे थोरली बायको ठरली तर धाकटी जाणार. धाकटी ठरवायची तर थोरलीला नवऱ्यानं आधीच सोडलं होतं असं दाखवावं लागणार. एकीचं जिंकणं म्हणजे दुसरीचं हरणं, आणि दोघी माझ्याच अशील.

मी दोघींना बोलावून घेतलं. कैफियतीत काय लिहिलंय ते सांगितलं. थोरलीनं विचारलं, "हिला कायबी भेटणार न्हाई?"

"पोरीला मिळेल. बापाच्या जमिनीत तिचा हक्क आहे. यांना बायको म्हणून मिळणार नाही."

"मग मी म्हणून टाकते ना, मला सोडलं होतं म्हणून."

"मावशी, मग तुम्ही बाहेर. आणि ते खोटं असेल तर मी ते तुमच्या तोंडून वदवू शकत नाही."

"दोघींपैकी एकच काहून? आमी तर दोघी व्हतो."

मी एवढंच सांगितलं की यापुढे दोघींचा वकील एक असू शकत नाही. धाकटीनं वेगळा वकील करावा, आणि तिचं आणि मुलीचं नाव वादीतून काढून प्रतिवादींमध्ये घालावं लागेल.

धाकटी पहिल्यांदाच बोलली. "म्हंजे मी दिराच्या बाजूला बसायचं?"

"कागदावर फक्त."

"कोर्टात तर कागदच असतेत ना, बाई."

खरं तर मी दोघींचंही काम सोडायला हवं होतं, कारण दोघींनी मनातलं माझ्यापुढे उघडं केलं होतं. सर म्हणाले, थोरलीचं ठेवू. मी ठेवलं. ते बरोबर केलं असं मला आजही म्हणवत नाही.

पुढच्या तारखांना त्या एकाच जीपनं येत. कोर्टाच्या व्हरांड्यात मात्र वेगवेगळ्या बाकांवर बसत. भाकरीचं फडकं थोरलीकडे असे. दुपारी ती ते सोडी आणि अर्धी भाकरी मुलीच्या हाती पलीकडे पाठवी. मग कोणीतरी गावात बोललं, की धाकटीचा वकील थोरलीला खोटी पाडणार आहे. त्यानंतर धाकटी वेगळ्या जीपनं येऊ लागली.

थोरलीची साक्ष झाली त्या दिवशी धाकटी मागच्या बाकावर होती. मला तो प्रश्न विचारावाच लागला.

"तुमच्या नवऱ्यानं तुम्हाला कधी सोडचिठ्ठी दिली होती का?"

"न्हाई."

मग धाकटीच्या वकिलानं उलटतपास घेतला. पंचांसमोर काडीमोड झाला होता ना, असं त्यानं तीनदा फिरवून विचारलं. थोरलीनं मान वळवून धाकटीकडे पाहिलं.

"झाला नव्हता, साहेब. मला लेकरू व्हईना म्हणून तिला मीच मागणं घातलं. लग्नात मीच व्हते. आन् हे लेकरू माझ्या हातात झालं. नाळ मी कापली."

मुलीबद्दलचं दिराचं म्हणणं तिथंच पडलं, आणि आपण लग्नाची बायको हे धाकटीचंही.

निकाल लागायला चार वर्षं गेली. अर्धी जमीन थोरलीला, अर्धी मुलीला. धाकटीबद्दल लिहिलं होतं की ती मयताची कायदेशीर पत्नी ठरत नाही. तिचा वकील आला नव्हता. निकाल मीच दोघींना समजावून सांगितला.

"माझं नाव कुठं हाय त्यात?" धाकटीनं विचारलं.

मी दाखवलं. मुलीच्या नावाखाली, पालनकर्ती आई म्हणून. तिला वाचता येत नव्हतं, तरी तिनं त्या ओळीवर बोट ठेवलं. मग मुलीला घेऊन निघून गेली.

त्याच वर्षी तिनं मुलीच्या शाळेसाठी वस्तीजवळच्या गोरेगावात खोली केली. पेरणीला आणि काढणीला ती वस्तीवर येई, काम करी, कामापुरतं बोले.

तीन-चार वर्षांनी थोरली एकटीच माझ्याकडे आली. तोवर माझं स्वतःचं ऑफिस झालं होतं. तिला मृत्युपत्र करायचं होतं, स्वतःच्या वाट्याला आलेली सगळी जमीन धाकटीच्या नावानं.

"त्यांना सांगितलंय?"

"न्हाई. तुमी बी सांगू नका. माझ्या मागून कळंल." थोडं थांबून ती म्हणाली, "त्या दिवशी मी खरं बोलले. त्यानं तिचं वाटोळं झालं. खोटं बोलले असते तर माझं झालं असतं. आता जे करता येतं ते करून राहिले."

मी लिहायला घेतलं. नातं लिहायच्या जागी पेन थांबलं. कोर्टानं तर नातं नाहीच असं ठरवलेलं.

"नातं काय लिहू, मावशी?"

"सवत लिहा. तीच हाय ना ती माझी."

मी तसंच लिहिलं. साक्षीदार म्हणून शेजारच्या टायपिस्टला आणि त्याच्या बायकोला बोलावलं. थोरलीनं अंगठा केला, शाई पदराला पुसली, आणि तिच्या वाटेची सेनगावची जीप भरून निघेल म्हणून घाईनं उठली.