आषाढातला कोरडा

माझ्या नवऱ्याला जन्माआधीच मरीआईला वाहिलं होतं. सासूबाईंची आधीची लेकरं जगली नव्हती. म्हणून हे पोटात असताना त्यांनी नवस केला, हा जगला तर त्याला पोतराज करीन. हे जगले. लहानपणभर केस वाढवून, कमरेला चिंध्यांचा घागरा बांधून सासऱ्यांच्या मागे गावोगाव फिरले, स्वतःच्या अंगावर कोरडे ओढत. पुढे एका मास्तरांनी त्यांना वसतिगृहात घातलं. कॉलेजात जाताना त्यांनी केस कापले. हे सगळं त्यांनी लग्नाआधीच मला सांगितलं होतं. पाठीवरचे वण मी नंतर पाहिले.

आम्ही हैदराबादला आलो तेव्हा खाजगी कंपन्यांचे दिवस नुकते सुरू झाले होते. ह्यांना एका नव्या कंपनीत हिशेबाचं काम मिळालं होतं, पण अजून कायम केलं नव्हतं. विद्यानगरात एका खोलीत आमचा संसार. घरमालकीण वरच्या मजल्यावर, भांडं पडलं तरी तिला ऐकू जायचं.

त्या आषाढात आमच्या मुलीला टायफॉइड झाला. ताप उतरायचा आणि पुन्हा चढायचा. गावाकडं कुणीतरी कळवलं आणि सासूबाई अफझलगंजला बसमधून उतरून, बोचकं घेऊन थेट दारात आल्या. नातीच्या कपाळाला हात लावला, बोचकं सोडलं आणि सासऱ्यांचा कोरडा काढून तिच्या उशाशी ठेवला.

"आईनं लेकरू धरलंय," त्या म्हणाल्या. "तिचं देणं तू अर्ध्यावर टाकून आलास."

ह्यांनी आधी नीट समजावलं. डॉक्टर काय म्हणाले ते सांगितलं. मग त्यांचा आवाज चढला. "ज्या आसुडानं गावानं आपल्या आज्याला चावडीपुढं फोडून काढला, तोच देवीचा म्हणून मी माझ्या पाठीवर ओढू?"

सासूबाईंनी जेवण सोडलं.

बोनालूचे, तिकडच्या देवीच्या जत्रेचे दिवस होते. गल्लीतून डफ वाजत जायचे. हळद फासलेला पोतराजू कोरडा फडकावत पुढे नाचायचा. तो कडाडला की मुलगी तापात दचकायची आणि माझा हात घट्ट धरायची. सासूबाई माझ्याकडे बघायच्या. मी त्यांना आत्याबाई म्हणायचे. एकदा हळूच म्हणाले, आत्याबाई, दोन घास तरी खा. त्या म्हणाल्या, "मी चार पुरलीत, माय. तू एक पुरून बघ, मग मला जेव म्हण."

माझा विश्वास नव्हता, आजही नाही. पण थर्मामीटर हातात घेतला की विश्वास आहे की नाही हा प्रश्नच उरत नसे. नवऱ्याला नको म्हणावं तर मुलीकडे बघवत नव्हतं, आणि ओढा म्हणायला जीभ रेटत नव्हती.

एका संध्याकाळी हे कामावरून आले. ताप किती, विचारलं. तितकाच आहे, मी म्हणाले. त्यांनी शर्ट काढून खुंटीला लावला, पंखा बंद केला, खिडकी लावली आणि मला टीव्ही मोठा करायला सांगितलं. केबल नुकतीच आली होती. पडद्यावर नव्या गाडीची जाहिरात चालू होती, हसऱ्या माणसांची. त्या आवाजात त्यांनी कोरडा उचलला.

कोरड्याला मोकळं अंगण लागतं. आमच्या खोलीत त्याचं टोक भिंतीला लागायचं, पोपडे पडायचे, आणि मग ते पाठीवर यायचं. ह्यांच्या तोंडून आवाज निघाला नाही. मी मुलीचे कान दोन्ही हातांनी झाकून बसले होते. सासूबाई डोळे मिटून पुटपुटत होत्या. थांबल्यावर त्यांनीच लेकाच्या पाठीला हळद लावली आणि पहिल्यांदा भाकरी मागितली.

दुसऱ्या दिवशी घरमालकिणीनं विचारलं, कल क्या पीट रहे थे? मी म्हणाले, गादी झटकत होतो. हे कामावर गेले आणि दिवसभर खुर्चीला पाठ न टेकता बसले.

दोन दिवसांत ताप उतरला. डॉक्टरांनी औषध आधीच बदललं होतं, ते लागू पडलं. मी ते ह्यांना सांगितलं, त्यांनाही पटलं.

पुढच्या आषाढात सासूबाई पुन्हा आल्या. मुलगी तोवर शाळेत जायला लागली होती, दारात खेळत होती. सासूबाईंनी बोचकं सोडलंही नव्हतं, तेवढ्यात हे उठले आणि शर्टाची बटणं काढू लागले. मी त्यांचा हात धरला.

"मुलगी बरी आहे की."

"म्हणूनच," ते म्हणाले.

सासूबाई असेपर्यंत दर आषाढात हे असंच चाललं. त्या गेल्यावर ह्यांनी कोरडा नेऊन गावच्या देवळात ठेवला. परत आले तेव्हा मला वाटलं, सुटलो. ह्यांनी त्यानंतर कधी पाठीवर काही ओढलं नाही, हे खरं. पण आषाढात मुलगी नुसती शिंकली तरी त्यांचा घास हातातच थांबायचा आणि ते माझ्याकडे बघायचे, मी काही म्हणते का ते पाहायला.