सरळ जाताना आठ अंश

रविवारी दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी ब्रेकबाई अंगणात उभ्या असलेल्या गाडीत चालकाच्या जागेवर बसून स्टिअरिंग फिरवत होत्या. आधी एका टोकापर्यंत, मग दुसऱ्या टोकापर्यंत, मग मोजून बरोबर निम्म्यावर. मांडीवर टायरच्या दुकानातून मागून आणलेला, गाडीचे सेन्सर तपासायचा स्कॅनर होता आणि त्याची वायर स्टिअरिंगखालच्या खाचेत खोचलेली होती. स्टिअरिंग सरळ आहे का, असं स्क्रीनवर विचारलं होतं. त्यांनी ‘हो’ दाबलं. शून्य उमटलं आणि डॅशबोर्डावरचा पिवळा दिवा विझला.

त्या गाडी फाटकाबाहेर काढून गल्लीतून पुढे गेल्या. पोस्टाच्या पेटीपर्यंत पोचल्या तेव्हा दिवा पुन्हा लागला होता. दुपारपासून तिसऱ्यांदा हेच घडत होतं.

दिव्यावर घसरणाऱ्या गाडीचं चित्र असतं. स्टिअरिंग किती वळलं आहे हे गाडीला एक सेन्सर कळवत राहतो, आणि गाडी घसरायला लागली तर कुठल्या चाकाला ब्रेक लावायचा हे ती त्याच्या सांगण्यावरून ठरवते. सेन्सर म्हणाला वळतोय आणि चाकं म्हणाली सरळ चाललोय, की गाडी दोघांवरचा विश्वास काढून घेते आणि दिवा लावते. एरवी असा दिवा घेऊन लोक महिनोन् महिने फिरतात. ब्रेकबाईंना ती सोय नव्हती. त्यांची गाडी ड्रायव्हिंग स्कूलची होती आणि सोमवारी सकाळी तिची वार्षिक तपासणी होती. दिवा लागलेला दिसला तर पुढची तारीख मिळेपर्यंत त्या गाडीवर शिकवायला बंदी. तारीख मिळायला दोन-तीन महिने जातात. शाळेत गाडी एकच आणि शिकवणाऱ्याही त्या एकट्याच. शाळा इतके दिवस बंद राहिली तर विद्यार्थी दुसरीकडे जाणार आणि बाईंना पुन्हा खालच्या गॅरेजच्या काउंटरवर बसावं लागणार, हे घरात न बोलता सगळ्यांना माहीत होतं.

गॅरेज त्यांच्या धाकट्या दिराचं. इमारत तीन मजली: तळाला गॅरेज, मधल्या मजल्यावर दीर, वरच्या मजल्यावर बाई आणि त्यांचा नवरा. लग्न होऊन आल्यावर सहा महिन्यांत बाई काउंटरवर बसल्या. फोन घेणं, बिलं लिहिणं, तक्रारी ऐकून घेणं हे त्यांचं काम होतं. गिऱ्हाइकांच्या गाड्या अंगणात मागेपुढे करता करता त्या गाडी चालवायला शिकल्या आणि एक दिवस परवाना काढून आल्या. दिराने तेव्हा कामगारांसमोर म्हटलं होतं, ‘आता वहिनींना हवा भरता आली की मी रिटायर.’ बाईंनी पुढे शिकवण्याचाही परवाना काढला, जुनी गाडी घेतली, स्वतःच्या बाजूला जादा ब्रेक बसवून घेतला आणि काउंटर सोडला. दिराने तो दिवस अजून माफ केलेला नाही. ब्रेकबाई हे नाव विद्यार्थ्यांनी ठेवलं. विद्यार्थ्याचा पाय पोचण्याआधी यांचा पोचलेला असतो.

त्या अंगणात परत आल्या तेव्हा दीर मधल्या मजल्याच्या गॅलरीत कप घेऊन उभा होता.

“वहिनी, गल्लीतल्या लोकांना तुमचा नंबर पाठ झाला आता.”

“होऊ दे की, भाऊजी. तुमच्या गॅरेजमधून आलेली गाडी आहे. फुकट जाहिरात.”

“काल माझ्याकडून गेली तेव्हा दिवा नव्हता.”

“काल तुमच्या दारातून निघाली ती या झाडाखाली येऊन थांबली. एवढ्यात दिवा कसा लागेल?”

आदल्या आठवड्यात एका विद्यार्थ्याने पुढचं चाक फुटपाथच्या कडेवर चढवलं होतं. चाकाला स्टिअरिंगशी जोडणारा दांडा, टाय रॉड, वाकला. शनिवारी दिराने तो बदलून दिला आणि चाकांचं अलाइनमेंट करून दिलं. दिवा लागला तो त्यानंतर, रविवारी दुपारी, बाईंनी गाडी पहिल्यांदा रस्त्यावर नेली तेव्हा.

“अंगणाला उतार आहे,” दीर वरून म्हणाला. “उतारावर सेन्सरचं शून्य बसत नसतं. इतकी वर्षं काउंटरवर होतात, एवढं तरी कानावर पडलं असेल.”

“काउंटरवर काय काय कानावर पडलं ते सांगत बसले तर तुमचा चहा गार होईल.”

उताराचं मात्र खरं असू शकत होतं. बाईंनी दिराला तसं सांगितलं नाही. त्यांनी वरच्या खिडकीकडे पाहून हाक मारली, “अहो, खाली या. बूट घालून या, गाडी चालवायचीय.”

नवरा छापखान्यात कागद कापायच्या यंत्रावर काम करतो. सरळ कापणं हा त्याचा धंदा आहे आणि भांडणातून बाजूला होणं हा स्वभाव. गाडी चालवायला तो बायकोकडेच शिकला आणि परीक्षेत दुसऱ्या खेपेला पास झाला.

मंडईमागे मालाचे ट्रक लावायचं मोठं आवार आहे. रविवारी ते रिकामं असतं आणि जमीन सपाट सिमेंटची. बाईंनी तिथे सगळं पुन्हा केलं. एक टोक, दुसरं टोक, निम्मं, ‘हो’, शून्य. मग नवऱ्याला चालकाच्या जागेवर बसवलं आणि स्वतः रोजच्या जागेवर, त्याच्या डाव्या बाजूला, स्कॅनर घेऊन बसल्या.

“भिंतीपर्यंत सरळ जायचं. पांढऱ्या पट्ट्यावरून. आरसा.”

“पाहिला.”

“पाहिला नाहीत. मान हलली नाही.”

नवऱ्याने मान हलवली आणि गाडी काढली. गाडी पट्ट्यावरून सरळ चालली होती. स्क्रीनवर आकडा हलला आणि थांबला.

“किती आहे?” नवऱ्याने विचारलं.

“आठ. तुम्ही वळवताय?”

“अगं पट्ट्यावर आहे मी. खाली बघ.”

बाईंनी खाली पाहिलं. गाडी पट्ट्यावर होती. मग त्यांनी स्टिअरिंगकडे पाहिलं. दिवा त्याच वेळी लागला, पण त्यांचं लक्ष दिव्याकडे नव्हतं.

स्टिअरिंगच्या कडेवर लाल टेपचा एक तुकडा चिकटवलेला आहे. नव्या माणसाला चाक कधी सरळ झालं ते कळत नाही. टेप वर आली की सरळ, असं बाई शिकवतात. तो तुकडा त्यांनी शाळा सुरू केली त्या आठवड्यात लावला, आणि लावला तो स्वतःच्या जागेवर बसून. त्या जागेवरून स्टिअरिंगकडे तिरकं पाहावं लागतं. मागच्या वेग दाखवणाऱ्या तबकडीच्या मध्याशी टेप जुळलेली दिसली तेव्हा त्यांनी ती दाबून बसवली. त्यांच्या जागेवरून ती मधोमध होती. चालकाच्या जागेवरून दोन बोटं डावीकडे होती. विद्यार्थ्यांनी कधी तक्रार केली नाही. विद्यार्थी टेपकडे पाहतच नाहीत, समोरच्या ट्रककडे पाहतात.

आता गाडी सरळ चालली असताना टेप तबकडीच्या मध्याच्या पलीकडे, उजवीकडे सरकलेली दिसत होती.

“थांबवा,” बाई म्हणाल्या. “आता टेप कुठे आहे? तुम्हाला कुठे दिसते?”

“बरोबर वर. मधोमध.”

“आणि मधला कंपनीचा बिल्ला?”

नवऱ्याने कापायच्या यंत्रासमोर वाकावं तसं वाकून पाहिलं. “वाकडा आहे. उजवीकडे झुकलाय.”

म्हणजे शनिवारी गॅरेजमध्ये स्टिअरिंग ‘सरळ’ धरलं गेलं ते टेप वर आणून, आणि त्यावर चाकं जुळवली गेली. स्टिअरिंग मुळात सरळ असताना चाकं आता थोडी डावीकडे वळलेली होती. बाई टोकं मोजून निम्म्यावर शून्य देत होत्या, तेव्हा त्या सेन्सरला खोटं सांगत नव्हत्या. पण रस्त्यावर आलं की सरळ जायला स्टिअरिंग आठ अंश फिरवावंच लागत होतं. चारदा दिलं तरी ते शून्य टिकणारं नव्हतं.

“मग आठालाच शून्य म्हण ना,” नवरा म्हणाला. “आत्ता जसं आहे तसं ‘हो’ दाब. दिवा जाईल, विषय संपेल.”

“आणि वाकडं स्टिअरिंग?”

“होते माणसाला सवय.”

“तुम्हाला झालीय,” बाई म्हणाल्या. “तपासनीस हात सोडून गाडी सरळ चालवून बघतो. त्याला नाही होणार.”

ते परतले तेव्हा दीर अंगणात खुर्ची टाकून बसला होता. बाईंनी काच खाली केली आणि उतरल्याशिवायच सांगितलं, “स्टिअरिंग तुम्ही टेपवर सरळ केलंत. आठ अंशांनी वाकडं आहे.”

“मग कशावर करायचं?”

“स्टिअरिंगच्या आडव्या दांड्यांवर. बिल्ल्यावर. जगात सगळे करतात तसं.”

“टेप कुणी लावली?”

“मी.”

“टेप कुणाची?”

बाईंनी स्टिअरिंगवरच्या टेपकडे पाहिलं. टेपचं रीळ काउंटर सोडताना त्यांच्या पिशवीत आलं होतं.

“माझी,” दीर म्हणाला. “माझ्याकडे लाल टेप म्हणजे सरळची खूण. दांडा खोलायच्या आधी माणूस स्टिअरिंग सरळ करतो, टेप लावतो, मग पाना हातात घेतो. तुम्ही इतकी वर्षं ते बघितलंय. मला वाटलं माझ्याच माणसाने लावलीय.”

“तुमच्या माणसाने लावलेली टेप अशी काळी पडलेली असते? नुसतं बघितलं असतं तरी कळलं असतं.”

“तुम्ही लावताना बघितलं होतंत?”

 दोघांची चूक एकाच जागी होती आणि दोघांनाही ती दुसऱ्याची वाटत होती. नवरा गाडीतून उतरून इमारतीच्या दारापर्यंत गेला होता.

“दादालाच विचारा,” दीर म्हणाला. “आठालाच शून्य द्या म्हणेल. मीही तेच म्हणतो. कुणाला कळतंय?”

“गिऱ्हाइकांनाही हेच सांगता का?”

“गिऱ्हाइकं टेपा लावत नाहीत.”

“शटरची चावी द्या. गाडी खड्ड्यावर घेते आणि मीच करते. टाय रॉडचे नट कुठे असतात मला माहीत आहे.”

“औषधांची बिलं लिहिली म्हणून कुणी डॉक्टर होत नाही, वहिनी.”

“बरं. मग गाडी आहे तशी नेते. अलाइनमेंट कुठे केलं, असं तपासनीस विचारतोच. मी पत्ता सांगेन. तुमच्याकडे येणाऱ्या निम्म्या टॅक्सी त्याच्याच पुढून जातात.”

दीर खुर्चीतून उठला. शटर वर जाताना त्याने मुद्दाम जोरात ढकललं. वरच्या मजल्यावर कुणीतरी खिडकी लावून घेतली.

पुढचा तासभर जे बोलणं झालं ते फक्त कामाचं होतं. बाई चालकाच्या जागेवर बसल्या आणि त्यांनी स्टिअरिंग दोन्ही हातांनी धरलं, बिल्ला सरळ, दांड्या आडव्या. दीर गाडीखालच्या खड्ड्यात उतरला. एका बाजूचा दांडा जितका आत घ्यायचा तितकाच दुसऱ्या बाजूचा बाहेर. अलाइनमेंटच्या यंत्रावर दोन बाण मध्यावर येईपर्यंत.

“धरलंय?” खड्ड्यातून आवाज आला.

“धरलंय.”

“हलवताय तुम्ही.”

“मी हलत नाहीये. खाली तुम्ही गदागदा करताय.”

थोड्या वेळाने खालून पुन्हा आवाज आला, पान्याच्या तालावर, सहज बोलावं तसा. “काउंटरचं स्टूल मी अजून कुणाला दिलं नाही.”

“धूळ पुसत जा त्यावरची.”

पाना थांबला आणि पुन्हा सुरू झाला. बाण मध्यावर आले. बाईंनी तिथल्याच सपाट फरशीवर स्कॅनर लावला, दोन्ही टोकं मोजली, निम्म्यावर ‘हो’ दाबलं आणि गाडी बाहेर काढली. त्या पोस्टाची पेटी ओलांडून गेल्या, मंडईला वळसा घातला, आवारात पांढऱ्या पट्ट्यावरून दोनदा सरळ गेल्या. स्कॅनरवर शून्य होतं. एकदा एक झालं, मग परत शून्य. दिवा लागला नाही. परतताना त्यांनी गाडी बाजूला घेऊन नखाने टेप खरवडून काढली आणि चालकाच्या जागेवर बसून, बिल्ल्याच्या बरोबर वर, नवा तुकडा लावला.

त्या आल्या तेव्हा दीर शटरला कुलूप लावत होता. दिव्याबद्दल त्याने विचारलं नाही.

“उद्या पास झाली तर माझं नाव सांगू नका,” तो म्हणाला.

“नापास झाली तर?”

“तर तुम्ही सांगणारच. ऐका, उद्यापासून गाडी अंगणात लावायची नाही. मला गिऱ्हाइकांना जागा लागते.”

“अंगण दोघांचं आहे.”

“दादाशी बोललोय मी.”

बाईंनी वर पाहिलं. खिडकी बंद होती.  त्या पुन्हा गाडीत बसल्या, आरसा पाहिला, गाडी मागे घेत फाटकाबाहेर काढली आणि गल्लीच्या टोकाला, पाण्याच्या टाकीच्या भिंतीलगत लावली. तिथून घरापर्यंत त्या चालत आल्या. जेवताना नवऱ्याने दोनदा मीठ मागितलं आणि दोन्ही वेळा ते त्याच्या हाताशीच होतं.

सोमवारी तपासणी केंद्राचं फाटक साडेआठला उघडतं आणि बाईंचा नंबर पाचवा आहे. पावणेसातची शिकवणी त्यांनी रद्द केलेली नाही. फक्त विद्यार्थ्याला कळवलं आहे की गाडी अंगणात नसेल, टाकीच्या भिंतीपाशी यायचं.