तळ्याच्या खोऱ्याचा तह

रविवार, दिवाळीनंतरचा पहिला. स्थळ: चिखलोली, माझ्या घराचा हॉल. हजर: पितळदेशातर्फे मी, पोलाददेशातर्फे समोरच्या फ्लॅटमधल्या भाभी. गैरहजर कुणी नाही, कारण तिसरं बोलावण्यासारखं माणूस आम्हा दोघींकडेही नव्हतं.

हे युद्ध भाभींच्या मुलाने जर्मनीहून पाठवलेल्या खोक्यातून आलं. वाफेवर उडणारी जहाजं, चाकांऐवजी पाय असलेल्या तोफा, पाठीवर बॉयलर बांधलेले सैनिक. नियमांचं पुस्तक जर्मन भाषेत. मुलगा म्हणाला, वेळ मिळाला की समजावतो. मग नियम आम्हीच केले. खोक्यातला पट लहान होता, म्हणून माझी जुनी निळी चादर जमिनीवर अंथरली. भाभींचं कॅम्प पाचच्या बाजारात फॉल-पिकोचं दुकान होतं. ते बंद केल्यावर उरलेले टेलरचे खडू कामी आले. नद्या पांढऱ्या, सरहद्दी पिवळ्या. चादर आठवडाभर अंथरलेलीच असायची. मी कडेकडेने चालायचे. घरात दुसरं कुणी चालणारं नसल्याने अडचण नव्हती.

भांडण मधल्या खोऱ्यातल्या तळ्यासाठी. कोळसा दोन्ही देशांकडे होता, पण बॉयलरला जड पाणी चालत नाही, आत क्षारांचा थर बसतो; हलकं पाणी फक्त त्या तळ्यात. ही अट मी घातली. मोरिवलीच्या कारखान्यात स्टोअर्स सांभाळते, त्यामुळे बॉयलरची रडगाणी रोज कानावर येतात.

"अदी, तेरा जहाज बैठ गया," भाभी म्हणायच्या. सिंधीत बहिणीला अदी म्हणतात. "धक्का मारायला माणसं पाठवू काय?"

"आधी तुमच्या तोफेच्या गुडघ्यांना तेल लावा."

"माझी तोफ माझ्यावरच गेली ना!"

मुलाचा व्हिडिओ कॉल बहुतेक खेळाच्या मधेच यायचा. व्हिसाचे कागद तयार होते. "मम्मी, कब आ रही हो?"

"पहले ये जंग तो खतम होने दे, बेटा."

ती दोघं हसली. मीही हसले, पण ते वाक्य मी खरं धरलं. त्यानंतर मी जिंकायचा प्रयत्न सोडला. तळ्यापर्यंत पोचलेली फौज दोनदा कारण नसताना माघारी आणली. झालं असं, की त्यामुळे भाभीच जिंकू लागल्या. त्या रविवारी त्यांच्या तोफा तळ्याच्या काठावर उभ्या होत्या. पुढच्या डावात खेळ संपला असता.

मी विचार करून ठेवला होता. तळं अर्धं-अर्धं, पहारा दोघांचा, पाण्याच्या पाळ्या, जहाजांच्या वाटा. कलमांवर वाद घालण्यातच उन्हाळा आला असता.

"भाभी," मी म्हटलं, "आता तह करून टाकूया."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "अभी? आजच?"

"कधीतरी करायचाच आहे. असं किती दिवस अंथरून ठेवायचं?" हे शेवटचं मी थट्टेत बोलले आणि चहा टाकायला आत गेले.

चहा घेऊन आले तर हॉल मोकळा. जहाजं खोक्यात, आणि चादरीची चौकोनी घडी सोफ्यावर, कडेला कड जुळवलेली, दुकानातल्यासारखी. वरच्या बाजूला खडूचा पिवळट डाग उठला होता.

मला वाटलं, जिंकत असताना तह मागितला म्हणून त्या रागावल्या. विचारलं नाही. त्या म्हणाल्या, "चाय अच्छी है." मी म्हटलं, आलं जुनं होतं. कप धुऊन त्या गेल्या. पुढच्या रविवारी दार वाजलं नाही. मीही समोरचं दार वाजवलं नाही. महिन्याभरात त्या जर्मनीला गेल्या. जाताना खोकं माझ्याकडेच ठेवलं.

परवा कॅम्प पाचमध्ये चादरी घ्यायला गेले होते. दुकानदाराने बऱ्याच उलगडून दाखवल्या. मला एकही पटली नाही, तेव्हा तो नोकराला म्हणाला, "चल, सब तह कर दे." नोकर घड्या घालू लागला.

मी तिथेच स्टुलावर बसले. दुकानदाराने पाणी मागवलं. तह म्हणजे घडी. भाभींनी जन्मभर हेच ऐकलं असणार. मी म्हटलं, तह करून टाकूया, कधीतरी करायचाच आहे, किती दिवस अंथरून ठेवायचं. त्यांनी शहाण्या पाहुणीसारखं आवरून घेतलं, वर चहाला चांगलं म्हटलं.

घरी येऊन निळी चादर उघडली. घडीच्या रेघांवरचा खडू पार पुसला होता. नद्या पुन्हा काढल्या. पितळदेशाची सरहद्द आठवून काढली, जहाजं मांडली. पोलाददेशाची बाजू रिकामी आहे. तिथे कुठे काय होतं, ते मला एकटीला ठरवता येणार नाही.

या आठवड्यात गॅसचं बुकिंग केलं, पाण्याची टाकी धुऊन घेतली, सोसायटीच्या सभेला जाऊन आले. जर्मनीत सकाळ उशिरा होते, हेही पाहून ठेवलं आहे. भाभींना फोन करायचा राहिला आहे.